पत्रकावरचं विशेषण : झाडीपट्टीतल्या एका सिनेनटीचं प्रकरण

माझ्या छापखान्याच्या संगणकात ती पहिल्यांदा सापडते २०११ च्या फाइलमध्ये. नाटकाच्या पत्रकात तळाला 'इतर कलाकार' अशी एक ओळ असते. त्या ओळीत सातवं नाव तिचं, आणि तेही चुकलेलं. आडनावातला एक काना मी खाल्ला होता. तिने काही म्हटलं नाही. सातव्या नंबरच्या कलाकाराने छापखान्यात येऊन भांडायचं नसतं, हे तिला पहिल्याच सीझनला कळलं असावं.

शेवटची फाइल गेल्या दिवाळीतली. मधल्या काळात ती एका मराठी चित्रपटात दिसली, दुसऱ्याला नाही म्हणाली आणि पुन्हा आमच्याकडे रात्रीची नाटकं करत राहिली. तिचं नाव इथे देत नाही. चित्रपटाचं आणि कंपनीचंही देत नाही. तिची हरकत नव्हती, माझी आहे. या प्रकरणात जवळजवळ सगळेच चुकले, आणि त्यातली एक चूक माझी आहे.

नाटकाचं पत्रक दुसऱ्या दिवशी आलूपोह्याखाली जातं. मी मात्र फाइली जपतो, कारण म्हातारे कलाकार माझ्याकडे त्यासाठी येतात. राज्य सरकारची ज्येष्ठ कलावंतांसाठी मानधन योजना आहे. वयाची पन्नाशी ओलांडली की अर्ज करता येतो, आता महिन्याला ५,००० रुपये मिळतात. अर्जाला कलेची सेवा केल्याचे पुरावे जोडावे लागतात, आणि ज्याने आयुष्यभर स्टेजवर रात्र काढली त्याच्याकडे कागद कुठून असणार? मग ते म्हणतात, भाऊ, माहं नाव असलेलं एखादं जुनं पत्रक हाये का? म्हणून मी एकही फाइल पुसत नाही. तिची तेरा सीझनची पत्रकं अशी हाताशी राहिली.

धान निघाल्यावरचा धंदा

पुण्या-मुंबईकडच्या वाचकांसाठी थोडं सांगतो. झाडीपट्टी म्हणजे भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या जिल्ह्यांतला धानाचा, तलावांचा आणि जंगलाचा मुलूख. यवतमाळ-अमरावतीकडचा कापसाचा विदर्भ वेगळा, हा वेगळा. दिवाळीत धान निघतं, हातात पैसा येतो, गावोगावी मंडई म्हणजे जत्रा भरते, लेकी-जावई येतात आणि रात्री नाटक असतं. भाऊबीजेपासून होळीपर्यंत हा सीझन चालतो. दहा-अकराला पडदा उघडतो आणि पहाटे चार-पाचला खाली येतो. मधल्या वेळात तीन अंक, गाणी, लावणी, वन्समोर आणि विनोदी नटाची फटकेबाजी. विनोदी नट हा इथला खरा राजा. परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा पुण्या-मुंबईला हा राजा थोडा दिसला.

कंपन्यांचं ठाणं वडसा, म्हणजे देसाईगंज. वैनगंगेच्या काठचं रेल्वेचं गाव. दसऱ्याच्या आसपास गावोगावची मंडळं इथे येतात आणि कंपनीच्या ऑफिसात बसून नाटक ठरवतात. त्याला आम्ही 'तारीख घेणं' म्हणतो. मंडळ बयाणा म्हणजे इसार देतं, गावात तिकिटं विकतं, उरलं तर मंडळाचं, बुडालं तरी मंडळाचं. नाटक कोणतं याची चौकशी नंतर होते. आधी विचारतात, लेडीज, म्हणजे नटी, कोण आहे?

त्या प्रश्नाचं उत्तर मी छापतो.

आजा बाई व्हायचा

तिचा आजा दंडारीत, म्हणजे इथल्या जुन्या लोकनाट्यात, बाईची भूमिका करायचा. दंडारीत बायका नसतच, लुगडं नेसलेले पुरुषच नाचायचे. सिनेमाचीही सुरुवात तशीच झाली. फाळक्यांना १९१३ च्या पहिल्या चित्रपटासाठी बाई मिळाली नाही आणि अण्णा साळुंके तारामती झाले. दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई पुढच्या चित्रपटात कॅमेऱ्यासमोर आल्या. झाडीपट्टीत बायका स्टेजवर आल्या त्या बऱ्याच वर्षांनी, आणि सुरुवातीला बाहेरच्याच. गावातली पोरगी कंपनीत जाते म्हटल्यावर तिच्या घरी बसणाऱ्या-उठणाऱ्यांची संख्या आपोआप कमी होते. आजही होते.

हिच्या घरी आज्यामुळे विरोध थोडा कमी होता. बाप धानाच्या दोन बांध्यांचा, म्हणजे छोट्या तुकड्यांचा, मालक. आई रोवण्याला, म्हणजे धानाच्या लावणीला, दुसऱ्याच्या शेतात जाणारी. गावच्या हौशी नाटकात दोनदा काम केल्यावर एका मॅनेजरने तिचा आवाज ऐकला. आमच्याकडे आवाजाला किंमत आहे. हजार-दोन हजार माणसं उघड्यावर थंडीत बसलेली, मागे पानठेल्यावर वेगळीच गर्दी, तिथपर्यंत रडणं पोचवायचं म्हणजे गळा लागतो. प्रॉम्प्टर आतून वाक्य फेकतो, नट ते झेलून पुढे फेकतो. तालमी दोन-चारच होतात. हिचं झेलणं इतकं सफाईदार की प्रॉम्प्टरला खोकला आला तरी प्रेक्षकांना कळायचं नाही.

२०१२ मध्ये ती पत्रकात चौथ्या नंबरवर आली. २०१४ ला फोटो आला, वाटाण्याएवढा. त्याच वर्षी मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने बैलांच्या शर्यती बंद झाल्या आणि शंकरपटावर, म्हणजे त्याच शर्यतींवर, जगणाऱ्या नाटकांच्या तारखा हलल्या. पट पाहायला आलेला माणूसच रात्री नाटकाला थांबतो. कंपन्यांनी खर्च कापला, मोठ्या बाहेरच्या नट्यांऐवजी घरचे कलाकार पुढे आणले. तिला दुसरी नायिका मिळाली ती अशी. पटाला पुन्हा परवानगी मिळाली डिसेंबर २०२१ मध्ये. तोवर तिच्या नशिबाचे दोन-तीन फेरे झालेले होते.

तिचं लग्न २०१३ ला झालं. एक मुलगा आहे. पत्रकात मात्र ती 'कु.' राहिली. हा आमच्या धंद्याचा जुना रिवाज आहे, नवरेही त्यावर बोलत नाहीत.

मे महिन्यातला कापूस

२०१५ च्या उन्हाळ्यात नागपूर जिल्ह्यात एका चित्रपटाचं शूटिंग होतं. शेतकरी आत्महत्येवरचा विषय. स्थानिक चेहरे हवे होते. तिला विधवा भावजयीचं काम मिळालं, नऊ दिवसांचं. अर्धे पैसे हातात आणि अर्धे रिलीजनंतर, असं तोंडी ठरलं. सिनेमाच्या कामगारांसाठी १९८१ पासून कायदा होता, त्यात लेखी कराराची तरतूद होती. तिला कोणी सांगितली नाही. मलाही तेव्हा माहीत नव्हती.

पहिल्याच दिवशी तिला कापूस वेचायला उभं केलं. मे महिन्यात शेतात कापूस कुठला? सुकलेल्या पऱ्हाटीवर, म्हणजे कापसाच्या झाडांवर, जिनिंगमधून आणलेला कापूस डिंकाने चिकटवला होता. त्यात हिने जन्मात कधी कापूस वेचलेला नाही. मला सांगताना ती हसून हसून खाली बसली होती. "आमी धानवाले जी भाऊ! मले रोवणा लावाले सांगा, चिखलात उभी राह्यतो. कापूस कोनत्या बोटानं धरतात का मालूम?" शेवटी जेवण वाढणाऱ्या एका यवतमाळच्या बाईने तिला शिकवलं. दिग्दर्शक म्हणाला, तुमच्या बोलीत बोला. ती झाडीबोलीत बोलली. तो म्हणाला, ही नाही, वऱ्हाडी. नागपूरच्या पलीकडे सगळं एकच, असा त्याचा समज असावा. त्याला मी फार दोष देत नाही. आमच्यातलेही अनेक जण पुण्यात गेले की 'मी वऱ्हाडाचा' म्हणून मोकळे होतात.

चित्रपट ऑगस्ट २०१६ मध्ये लागला. तिच्या तालुक्यात लागलाच नाही. नागपूरला एका थिएटरात दुपारचा खेळ, एक आठवडा. ती आई, नवरा आणि मुलाला घेऊन गेली, एसटीच्या तिकिटाला सिनेमापेक्षा जास्त पैसे घालवून. नऊ दिवसांचं काम पडद्यावर चार-पाच मिनिटांचं उरलं होतं. ते चालतं, ती म्हणाली. पण तोंड उघडल्यावर आवाज दुसऱ्याच बाईचा आला. डबिंगला तिला बोलावलंच नव्हतं. शेवटी नावांच्या यादीत तिचं आडनाव चुकलं होतं, माझा काना खाल्ला होता तसंच. मुलाने विचारलं, आई, तू अशी कायले बोलतेस?

उरलेले अर्धे पैसे आजवर आलेले नाहीत.

'सिनेअभिनेत्री'

सप्टेंबर २०१६ मध्ये कंपनीचा मालक पेनड्राइव्ह घेऊन माझ्याकडे आला. त्यात चित्रपटातला एकच फोटो, ती पऱ्हाटीत उभी. म्हणाला, हिला हिरोच्या बरोबरीने टाक आणि वर लाल-पिवळ्यात 'सुप्रसिद्ध सिनेअभिनेत्री' लिही. मी विचारलं, सिनेमा कोणी पाहिला? तो म्हणाला, म्हणूनच तर.

इथे थोडं थांबावंसं वाटतं, कारण या प्रकरणाची मेख इथे आहे. मुंबईत सिनेमा हे काम असतं. आमच्याकडे ते नावापुढचं विशेषण होतं. मालिकेत दोन भागांत दिसलेला माणूस इथे 'फेम' होतो आणि त्याची नाईट, म्हणजे एका रात्रीचं मानधन, वाढते. गावाला तो सिनेमा पाहायचा नसतो. आपल्या मंडईला सिनेमातली बाई आली होती, हे शेजारच्या गावाला ऐकवायचं असतं. त्या शब्दावर तिची नाईट दीडपट झाली. नऊ दिवस शूटिंगचे अर्धे पैसे एकीकडे आणि त्या एका शब्दाची कमाई दुसरीकडे ठेवली, तर शब्द कितीतरी जड भरतो. त्यातही गंमत अशी की ज्या सिनेमाने तिचा आवाज काढून घेतला, त्याच्याच जोरावर लोक तिला ऐकायला यायला लागले.

तारखाही भरपूर लागल्या. पण भाऊबीज १ नोव्हेंबरला झाली आणि ८ तारखेच्या रात्री पाचशे-हजाराच्या नोटा बंद झाल्या. नाटकाचा सगळा व्यवहार रोखीचा. धान विकलेल्या शेतकऱ्याच्या हातात जुन्या नोटा, तिकिटाच्या खिडकीवर जुन्या नोटा, मंडळाने कंपनीला द्यायच्या त्याही जुन्या. काही मंडळांनी तारखा रद्द केल्या, काहींनी उधारीवर नाटक मागितलं. मालकाने डिसेंबरअखेरपर्यंत जुन्या नोटा घेतल्या आणि माणसं लावून बँकेच्या रांगेत उभी केली. तिला काही रात्रींचे पैसे होळीनंतर मिळाले. मला माझे छपाईचे पोळ्याला.

२०१७ चा सीझन मात्र तिचा होता. त्या वर्षी मी तिचा फोटो सगळ्यात मोठा छापला.

नोव्हेंबर २०१८

आता मूळ प्रसंग. २०१८ च्या दिवाळीनंतर आठ-दहा दिवसांनी तिला मुंबईहून फोन आला. नवा चित्रपट, भूमिका मोठी, नायकाची बहीण. शूटिंग पश्चिम महाराष्ट्रात, मध्य डिसेंबरपासून सलग २२ दिवस, मध्ये सुट्टी नाही. पैसे पहिल्यापेक्षा बरेच बरे.

त्या २२ दिवसांत तिच्या १७ तारखा होत्या. बयाणे घेतलेले होते. अकरा गावांची पत्रकं मी छापून दिली होती, भिंतींवर लागलीही होती. आणि माझी चूक ती हीच. रिवाज असा की कलाकारांची नावं पक्की झाल्यावर दहा-बारा दिवस आधी पत्रक काढायचं. त्या वर्षी कागदाचा भाव वाढेल अशी हूल होती, म्हणून मीच मालकाच्या मागे लागून सगळं एका दमात छापून घेतलं. पत्रकं भिंतीवर नसती तर पाच-सहा गावांना समजावून दुसरी नायिका देता आली असती.

पत्रकावर छापलेली बाई आली नाही तर काय होतं, हे ज्याने पाहिलं आहे त्यालाच कळेल. माणसं दहा-पंधरा किलोमीटरवरून ट्रॅक्टरने, पायी येतात. वाघाच्या भीतीने घोळका करून येतात. मग ती खुर्च्या मोडतात, पडदा ओढतात आणि मंडळाची पोरं कंपनीच्या गाडीची हवा काढतात. पुढच्या वर्षी त्या पट्ट्यातली पाच गावं कंपनीकडून तारीख घेत नाहीत.

मालकाने तिला सरळ सांगितलं, "जाशील तर जा बाई. पन बयाणे तूच वापस कर." हे अन्यायाचं होतं, कारण बयाणे त्याने घेतले होते. कायद्याने काय झालं असतं कोण जाणे, तिच्या त्याच्या मध्ये कागद नव्हताच. सात वर्षांत एकही नाही. तिने सुचवलं की मधल्या चार दिवसांची सुट्टी मिळाली तर मोठ्या चार गावांच्या तारखा ती करून जाईल. वडशाहून नागपूरच साडेतीन तास, तिथून विमान, पुढे गाडी, आणि रात्रभर नाटक. होण्यासारखं नव्हतं, तरी तिने विचारलं. चित्रपटवाल्यांना तर हा सीझन म्हणजे काय तेच कळेना. गावातलं नाटक ना, पुढे ढकला, असं ते म्हणाले.

ती माझ्याकडे आली ती दुपार आठवते. मशीन बंद होतं. तिने विचारलं, "कितीक गावचे छापले भाऊ?" मी आकडा सांगितला. ती कटिंगच्या टेबलापाशी उभी राहून चित्रपटवाल्यांना फोन लावायला लागली. त्यांच्याशी ती पुस्तकी मराठीत बोलायची. पैशांचं बोलली, राहण्याचं बोलली, आणि मग म्हणाली, "आवाज माझाच राहील ना?"

पलीकडून काय आलं ते मला ऐकू आलं नाही. फोन ठेवून ती म्हणाली, "म्हनते, थे नंतर पाहू."

तिने दुसऱ्या दिवशी नकार कळवला.

कोणाचं काय चुकलं

मी तेव्हा तिला स्पष्ट सांगितलं होतं की ती चुकते आहे. मोठी भूमिका रोज येत नाही. १७ तारखांचे पैसे आणि सिनेमाचे पैसे जवळपास सारखेच होते, त्यातही सिनेमाचे अर्धेच नक्की, हा तिचा हिशेब बरोबर होता. पण विशेषणाला वय असतं. २०१६ चा सिनेमा २०१८ मध्ये शिळा व्हायला लागला होता, आणि ते ताजं करायची हीच संधी होती. तो चित्रपट पुढे आला. ती भूमिका केलेल्या मुलीला मालिका मिळाली. एका सीझनला तीच मुलगी आमच्याकडे 'फेम' म्हणून आली, दुप्पट नाईट घेऊन. तिचं पत्रकही मीच छापलं. आमच्या बाईने तिच्यासोबत सात प्रयोग केले, मोठ्या बहिणीचं काम. मी विचारलं, कसं वाटलं? म्हणाली, पोरगी चांगली आहे, आवाज मागच्या रांगेत जात नाही.

लोक म्हणतात, तिने गावासाठी सिनेमा सोडला. सत्कारात असं बोलतातही. ते खोटं आहे आणि तिलाही आवडत नाही. तिने तोट्याच्या दोन सौद्यांतला तिला समजणारा सौदा निवडला. तिच्या जागी लेखी करार असलेली, डबिंगची अट आधी घालू शकणारी, मध्ये बोलायला एखादा माणूस असलेली नटी असती, तर दोन्ही कामं झाली असती असं मला आजही वाटतं. मार्च-एप्रिलमध्ये शूटिंग ठेवलं असतं तर झाडीपट्टीतले सगळे कलाकार मोकळेच असतात, मोहफूल वेचत असतात. हे फोन करणाऱ्याला कोणी सांगायचं? मालकाने सांगितलं नाही, त्याला ती जायला नकोच होती. मी सांगितलं नाही, माझी पत्रकं छापून झाली होती.

तिचीही एक चूक आहे, ती ती मान्य करत नाही. पहिल्या चित्रपटाचे उरलेले पैसे तिने दुसऱ्यांदा मागितलेच नाहीत. सिनेमावाल्यांशी तोंड वाईट कशाला करायचं, असं म्हणत राहिली, आणि शेवटी तोच राग दुसऱ्या सिनेमावर काढला.

त्यानंतर

२०२० चा सीझन कोरोनाने गिळला. ती रोवण्याला गेली, धान कापायला गेली. शेजारच्या शेतात कापणीला आलेल्या बायका तिला नाटकातली वाक्यं म्हणायला लावायच्या. विळा हातात धरून ती म्हणायची. कंपनी मोडायला आली होती. मालकाकडे गाडीचे हप्ते थकले. तिने दागिने ठेवून काही पैसे घातले. त्यावेळी मात्र तिने माझ्याकडूनच शंभर रुपयांचा स्टॅम्प पेपर मागवला आणि भागीदारीचं लिहून घेतलं. मजकूर मी टाइप केला, आडनाव तीनदा तपासलं.

२०२२ मध्ये मालक म्हणाला, सिनेअभिनेत्री काढून टाक आता, पोरं हसतात. मी तिला फोन केला. ती म्हणाली काढा, आणि 'कु.'ही काढा, पोरगा चौथीत आहे.

गेल्या दिवाळीच्या पत्रकात तिचा फोटो डावीकडे आहे, आईच्या भूमिकेतला, नायिकेपेक्षा लहान. नावाच्या वर काही नाही. मालकाला ती जागा मोकळी दिसत होती. तिथे काय टाकू म्हणून विचारलं, तर म्हणाला बुकिंगचा मोबाइल नंबर टाक. तारखा आता तीच देते. नंबर तिचाच आहे.